"रक्तातच असतो ना नाच यांच्या!"

परवा एका मित्राला 'डान्सिंग ॲट डस्क' ही आफ्रिकी नर्तकांची फिल्म दाखवली. संपल्यावर म्हणाला, "भारीच! पण यांचं काय, रक्तातच असतो ना नाच यांच्या!" मी चहा टाकायच्या निमित्ताने उठलो, नाहीतर भांडण झालं असतं. ते आता इथे करतो.

मार्च 2020. सेनेगलमधलं तुबाब दियालाव, समुद्रकाठचं गाव. तिथल्या 'एकोल दे साब्ल' या नृत्यशाळेत 14 आफ्रिकी देशांतले 38 नर्तक जर्मन नृत्यदिग्दर्शिका पिना बाउशचं 'राइट ऑफ स्प्रिंग' हे नृत्य बसवत होते. डाकारचा पहिला प्रयोग तोंडावर आला आणि कोविडने सगळं बंद पाडलं. पांगण्याआधीची शेवटची तालीम मावळतीला किनाऱ्यावर झाली. तीच ही फिल्म.

रशियन संगीतकार स्ट्राविन्स्कीच्या 'राइट ऑफ स्प्रिंग' या संगीतावर 1913 मध्ये पॅरिसला नर्तक निजिन्स्कीने बॅले केला तेव्हा थिएटरात हलकल्लोळ माजला होता. त्याच संगीतावरचं बाउशचं नृत्य 1975 चं. काटेकोर अर्थाने हा बॅले नव्हे, पण घराणं तेच. जर्मनीत ती रंगमंचभर काळी माती पसरायची, इथे आयती वाळू. बायका वाकून कोपर पोटात खुपसतात, पुन्हा, पुन्हा. वाळू घामाला चिकटत जाते. लाल झगा एकीच्या हातून दुसरीच्या हातात जातो, कुणालाच तो नकोय, कारण जिच्या अंगावर चढेल तिचा बळी.

यात एक पाऊल बदललेलं नाही. कुठे ढोल घुसवलेला नाही. काहींना तर आधी बॅलेचा गंधही नव्हता, सगळं मोजून-मापून शिकले.

आणि आफ्रिकी नाच म्हणजे नुसता उत्साह, हे तरी कुणी सांगितलं? शाळेच्या संस्थापक जर्मेन अकोन्यी यांनी स्वतःचं तंत्रच बांधलंय. सगळं पाठीच्या कण्यातून उगवतं. छाती म्हणजे सूर्य, नितंब म्हणजे चंद्र. 1977 पासून डाकारमध्ये सेनेगलचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष सेंघोर आणि फ्रेंच नृत्यदिग्दर्शक बेजार यांनी काढलेली 'मुद्रा आफ्रिक' ही नृत्यशाळा त्याच चालवत होत्या. (नाव 'मुद्रा', आपलाच शब्द!)

माझी तक्रार एकच. अकोन्यींची एखादी रचना युरोपातल्या मोठ्या बॅले कंपनीने इतक्याच इमानाने, एक पाऊल न बदलता बसवलेली मला बघायचीय.

चहा झाल्यावर शेवटचा बळीचा नाच परत लावला. तिथे जवळजवळ दर मापाला (छोटं आवर्तनच म्हणा) मात्रांची संख्या बदलते. मित्र चार वर्षं तबला शिकलाय. म्हटलं, टाळ्या दे बघू.

"अरे, पण सम कुठेय?" हेच विचारत राहिला.