कालनिर्णयावरची सू

आमची कुत्री चकली घरी आली तेव्हा ९ आठवड्यांची होती. तिची आई कोपऱ्यावरच्या इस्त्रीवाल्याच्या गाडीखाली राहणारी, अस्सल देशी, आणि बापाबद्दल सोसायटीत दोन मतं आहेत, एक म्हणजे बी विंगमधला लॅब्रेडॉर आणि दुसरं म्हणजे 'जाऊ द्या ना आता'. चकली हे नाव का, तर सू लागली की ही आधी फरशी हुंगते आणि मग जागच्या जागी गोल गोल फिरते, तिसऱ्या वेढ्याला कार्यक्रम आटोपलेला असतो. म्हणजे आपल्या हातात फार तर अडीच वेढे.

डॉक्टर म्हणाले, पिल्लू जेवढ्या महिन्यांचं साधारण तेवढे तास धरू शकतं, म्हणजे हिचे दोन, शिवाय झोपून उठली, खाल्लं, खेळली की न्यायचंच. लसी पूर्ण होईपर्यंत रस्त्यावर सोडायचं नाही, पार्वो या कुत्र्यांच्या विषाणूजन्य रोगाची भीती. मग उरली गच्ची, आम्ही तिसऱ्या मजल्यावर, गच्ची पाचव्याच्या वर. रात्री २ वाजता मी बनियनवर उभा राहून तान्ह्या बाळाला करतात तसं शूऽऽ शूऽऽ करतोय आणि ही चांदणं बघतेय. वीस मिनिटांनी मलाच लागली म्हणून धावत खाली आलो, तर हिने आत शिरल्या शिरल्या पायपुसणं गाठलं.

ओरडायचं नाही, नाक घासायचं तर अजिबातच नाही, नाहीतर घाबरून सोफ्यामागे लपून करायला शिकतात. आई फिनेल ओतायची, पण फिनेलचा वास आपल्याला हो, हिला त्याच्याखालची स्वतःची जागा बरोब्बर सापडते. मग व्हिनेगर-पाण्याने पुसायला लागलो, तर घराला चायनीजच्या गाडीचा वास.

कोणी कधी नेलं याचा घोळ होऊ नये म्हणून बाबांनी कालनिर्णयावर नोंदी सुरू केल्या. आधी नीट 'सू ६.१०, शी नाही' असं, मग चौकोनात जागा पुरेना म्हणून नुसतंच 'नाही'. आता आमच्याकडे दुधाच्या रतिबाचे खाडेही तिथेच लिहितात, आणि तेही 'नाही' असेच.

महिनाअखेरीला दूधवाले काका पैशांना आले. त्यांच्या हिशोबाने खाडे २, आईच्या हिशोबाने ११.

"ताई, एवढे खाडे कसे होतील?"

आईने कालनिर्णयच भिंतीवरून काढून आणलं. "हे बघा की, ७ तारखेला नाही, ८ ला नाही, ९ ला सकाळी नाही, संध्याकाळी भरपूर."

"संध्याकाळी? मी संध्याकाळी येतो कुठे?"

मी तोंड उघडणार एवढ्यात दारात, काकांच्या दुधाच्या कॅनला लागून, चकलीचा दुसरा वेढा सुरू झालेला दिसला. मी पळालो. बाबा घड्याळाकडे बघत पेन शोधायला लागले.