चंद्रसिंह गढवालींनी मोडलेला हुकूम

माझे चुलते पायदळातून निवृत्त झाले. लहानपणी मी त्यांना विचारलं होतं, "काका, हुकूमच चुकीचा वाटला तर?" ते म्हणाले, "तिथं वाटायला वेळ नसतो बाळा." बरीच वर्षं मला हे उत्तर पुरलं. चंद्रसिंह गढवालींबद्दल वाचल्यावर पुरेनासं झालं.

२३ एप्रिल १९३०, पेशावरचा किस्साखानी बाजार. पुढाऱ्यांच्या अटकेनं खवळलेले पठाण रस्त्यावर आलेले, समोर रॉयल गढवाल रायफल्सची तुकडी. गोऱ्या कॅप्टननं गोळीबाराचा हुकूम दिला आणि हवालदार मेजर चंद्रसिंह ओरडले, "गढवाली, सीझ फायर!" बंदुका खाली आल्या. हा माणूस भित्रा नव्हता; पहिल्या महायुद्धात फ्रान्स आणि मेसोपोटेमियात लढून आलेला होता. गोळी चालवायची कुणावर नाही, हे त्यांनी बाजारात उभं राहून ठरवलं नाही. पठाण हिंदूंना छळतात असं साहेबानं पलटणीला सांगितलं, तेव्हाच ते खोटं असल्याचं त्यांनी आपल्या जवानांना बराकीत समजावलं होतं. काकांच्या उत्तराला हेच उत्तर आहे असं मला वाटतं. सदसद्विवेकाचं काम ऐनवेळी होत नाही, ते आधी करून ठेवावं लागतं.

त्या दिवशी बाजार वाचला नाही. दुसऱ्या फौजेनं गोळ्या चालवल्याच, माणसं मेलीच. गढवाल्यांची हत्यारं काढून घेतली, अबोटाबादला कोर्ट मार्शल झालं, चंद्रसिंहांना जन्मठेप झाली.

मला सर्वांत जास्त टोचतं ते गांधीजींचं मत. एका फ्रेंच पत्रकारानं विचारल्यावर त्यांनी या शिपायांची बाजू घेतली नाही. शपथ घेतलेल्या शिपायानं हुकूम मोडणं त्यांना मान्य नव्हतं. उद्या सत्ता आपल्या हाती आली तर हेच शिपाई आपल्यालाही लागतील, असं त्यांचं म्हणणं. गांधीजींवर माझी श्रद्धा आहे, तरी हे मला पटत नाही. निःशस्त्रांवर गोळी झाडण्याचा हुकूम गोऱ्यानं दिला काय नि आपल्या माणसानं दिला काय, समोर पडणारा देह तोच ना? आपल्या १९५० च्या आर्मी ॲक्टमध्येसुद्धा शिक्षा आहे ती 'कायदेशीर' हुकूम मोडण्याला. तो एक शब्द तिथं उगाच बसलेला नाही.

मार्च १९३१ मध्ये गांधी-आयर्विन करार झाला. सत्याग्रही सुटले. हुकूम मोडणाऱ्या शिपायांना त्या माफीतून स्पष्टपणे वगळलेलं होतं. चंद्रसिंह सुटले १९४१ मध्ये.