बर्क कोणता?

नमस्कार,

‘बर्क’ या इंग्रजी क्रियापदावरच्या माझ्या लेखाला तुम्ही दोन आक्षेप घेतलेत. पहिला, हा शब्द एडमंड बर्क या संसदपटूवरून आला असणार, कारण ‘चर्चा दडपणे’ हा अर्थ संसदेतच शोभतो. दुसरा, ज्याच्या नावावरून हा शब्द आला असं मी लिहिलं, त्या विल्यम बर्कला मी ‘प्रेतचोर’ म्हटलं ते चूक.

दुसरा आक्षेप मुकाट्याने मान्य. बर्क आणि त्याचा साथीदार हेअर यांनी एकही थडगं उकरलं नाही. एडिंबरात हेअरकडचा एक भाडेकरू आजाराने मेला. त्याचं प्रेत शरीररचना शिकवणाऱ्या डॉ. रॉबर्ट नॉक्सकडे साडेसात पौंडांना खपलं. मग माणसं आपणहून मरायची वाट बघण्याइतका धीर या दोघांना राहिला नाही. १८२८ मध्ये सोळा खून!

एडमंड बर्कचं मात्र जमत नाही हो. तो वारला १७९७ मध्ये, आणि हे क्रियापद छापात दिसतं १८२९ पासून. त्या वर्षी २८ जानेवारीला विल्यमला फाशी दिली, तेव्हा जमाव ओरडत होता, ‘बर्क करा त्याला, दोर देऊ नका!’ दोर नको, म्हणजे त्याने इतरांना मारलं तसंच त्याला मारा. माणूस अजून जिवंत होता आणि त्याच्या नावाचं क्रियापद लोकांच्या तोंडी बसलंही होतं.

आता अर्थाकडे. दारू पाजायची, अंगावर भार टाकायचा, नाक-तोंड दाबून धरायचं. प्रेत विकायचं असल्यामुळे त्यावर घाव दिसून चालणार नव्हतं. मला वाटतं, शब्दाचा जीव या बिनखुणेच्या मरणात आहे. अहवाल सभागृहात आला, त्यावर भांडण झालं आणि तो फेटाळला गेला, तर तो ‘बर्क’ झाला नाही. तो पटलावर येऊच दिला नाही, तर झाला. म्हणून मी ‘विरोध करणे’ न लिहिता ‘दडपणे’ लिहिलं. आपल्या दडपण्यातही आधी अंगावरचा भार आहे, बातमी दडपणं त्यानंतरचं. संसदेला हा शब्द आयता मिळाला, इतकंच.

जाता जाता: बर्कच्या शिक्षेत विच्छेदनही होतं. त्याचा सांगाडा आजही एडिंबरा विद्यापीठाच्या संग्रहालयात आहे.

लेखातलं ‘प्रेतचोर’ खोडून ‘खुनी’ केलं आहे. विल्यम तसाच ठेवला आहे.