झायिकचे दोन काठ : एका प्रतिक्रियेला उत्तर

ताई, नमस्कार.

तुमची प्रतिक्रिया येऊन आठ दिवस झाले. 'धन्यवाद, दुरुस्ती करतो' एवढं लिहून मोकळं व्हावं अशी ती नव्हती, म्हणून उशीर झाला. ज्यांनी मूळ लेख वाचला नसेल त्यांच्यासाठी सांगतो. मी कझाकस्तानात, अतिराऊला तेलाच्या प्रकल्पावर २८ दिवस काम, २८ दिवस घरी अशा पाळीवर होतो. त्या दिवसांवर आणि तिथल्या उरल नदीवर मी 'रिकाम्या माळावरची नदी' हा लेख लिहिला. त्यावर ताईंनी तीन आक्षेप घेतले. एक, माळ रिकामा नव्हता, 'रिकामा' हा शब्द जमीन बळकावणाऱ्यांचा आहे. दोन, निम्मा लेख कोसॅकांच्या (रशियन सरकारच्या सीमेवरच्या लढवय्या समाजाच्या) मासेमारीवर आणि तिथल्या पशुपालक कझाकांना जेमतेम दोन ओळी. तीन, तिथले लोक नदीला झायिक म्हणत असताना मी उरल-उरल का करतो. आणि शेवटी, 'ही वसाहतवाल्यांची भलामण झाली.'

पहिला आक्षेप मला पूर्ण मान्य आहे. तो शब्द माझ्या हातून जायला नको होता, कारण माळ रिकामा का दिसतो हे मला तिथे एकाने अक्षरशः लाथ मारून दाखवलं होतं.

जानेवारीचा महिना होता. आम्हाला साइटवर नेणारे ड्रायव्हर वयस्कर कझाक होते, त्यांना सगळे 'अगा' म्हणत, म्हणून आम्हीही. दोन दिवस थोडी ऊब पडून पुन्हा कडाक्याची थंडी आली होती. अगांनी मध्येच गाडी थांबवली, मला खाली बोलावलं आणि बर्फावर जोरात टाच हाणली. टाच आत गेलीच नाही. वरचा थर काचेसारखा घट्ट, त्याखाली भुसभुशीत बर्फ आणि त्याखाली गवत. त्यांनी एकच शब्द उच्चारला, 'झुत'. पुढचं मोडक्यातोडक्या रशियनमध्ये आणि हातवारे करून समजावलं. हिवाळ्यात आधी घोडे सोडायचे. ते खुरांनी बर्फ उकरतात आणि वरचं गवत खातात. त्यांच्या मागून गुरं, सगळ्यांत शेवटी मेंढ्या, उघड्या पडलेल्या जागेवर. पण बर्फ वितळून पुन्हा गोठला की घोड्याचाही खूर आत जात नाही. पायांची कातडी सोलून निघते आणि खाली गवत असूनही कळपच्या कळप उपाशी मरतात. हा झुत. त्यात एका हिवाळ्यात श्रीमंत घर भिकेला लागायचं.

म्हणूनच नदी. काठाला माणसापेक्षा उंच बोरूची बेटं असतात. तिथे वारा अडतो, बर्फ कमी साचतो, चारा मिळतो, जळण मिळतं. कझाक कुळं उन्हाळ्यात शेकडो किलोमीटर उत्तरेला जायची आणि थंडीच्या तोंडावर ठरलेल्या जागी, आपापल्या 'किस्ताउ'वर, म्हणजे हिवाळी मुक्कामावर परतायची. जून महिन्यात एखादा अधिकारी नकाशाची वही घेऊन काठाने गेला तर त्याला तिथे चिटपाखरूही दिसायचं नाही. तो 'निर्जन' असं लिहायचा. आणि मी, हे सगळं ऐकून, पाहून घरी आलो आणि 'रिकामा' लिहिलं. धनगर मेंढरं घेऊन कोकणात उतरला म्हणून त्याच्या गावाला कोणी ओसाड म्हणत नाही, हे मला इथे कळतं आणि तिथे कळलं नाही.

माळ रिकामा नव्हता याचा आणखी जुना पुरावाही आहे, तो मी लेखात घ्यायलाच हवा होता. अतिराऊपासून वर, साधारण ५० किलोमीटरवर, सरायशिक आहे. सुवर्ण टोळीच्या, म्हणजे मंगोलांच्या राज्याच्या काळातलं भरभराटीचं शहर, पुढे नोगाई या भटक्या तुर्की लोकांची राजधानी. अरब प्रवासी इब्न बतूता १३३० च्या दशकात इथे आला होता. नदीवर होड्या जोडून केलेला पूल होता आणि तो त्याला बगदादच्या पुलासारखा वाटला. पुढे चारा मिळणार नाही म्हणून त्याने इथे घोडे विकले, गाड्यांना उंट जोडले आणि अमू दर्याकाठच्या ख्वारिझमच्या वाटेला लागला. (हाच माणूस पुढे आपल्या दौलताबादला येऊन मराठ्यांबद्दल लिहून गेला. सरायशिकच्या मातीच्या ढिगाऱ्यांपाशी उभा असताना ते आठवून मला एकदम घरचं कोणी भेटल्यासारखं झालं होतं.) १५८० च्या सुमारास कोसॅकांनी हे शहर लुटून उद्ध्वस्त केलं. म्हणजे माळाचा काही भाग 'रिकामा' होता तो केला गेला म्हणून. इथे तुमचा मुद्दा माझ्या लेखातल्या कुठल्याही वाक्यापेक्षा वजनदार आहे.

आता दुसरा आक्षेप. कोसॅकांची मासेमारी मी फार रंगवली असं तुम्ही म्हणता. लांबी कमी करता आली असती, पण ते वर्णन मी काढणार नाही, आणि त्याचं कारण सांगतो.

स्टर्जन हा प्रचंड मासा हिवाळ्यात नदीच्या खोल डोहांत जाऊन एकावर एक थर लावून निजतो. याईक कोसॅक (झायिकला ते याईक म्हणत) शरद ऋतूतच अशा डोहांच्या खुणा करून ठेवत. मग तिथे होडी नाही, जाळं नाही, काठावर आरडाओरडा नाही. या नदीवर आगबोटींना बंदी होती ती माशांची झोपमोड होऊ नये म्हणून! ठरलेल्या दिवशी हजारो माणसं दोन्ही काठांवर गुपचूप उभी राहत. तोफेचा एक बार झाला की सगळे एकदम बर्फावर धावत, पहारीने भोक पाडत आणि लांबच लांब काठीची लोखंडी आकडी खाली सोडत. जागा झालेला मासा आकडीला लागला की काठी हातात थरथरते. एकट्याला तो वर येत नाही, शेजाऱ्याला हाक मारावी लागते. पहिल्या धरणीतले मासे आणि कॅव्हियार, म्हणजे त्यांची खारवलेली अंडी, सम्राटाच्या दरबारी नजराणा म्हणून रवाना होत.

यातली महत्त्वाची गोष्ट म्हणजे नदी कोणा एकाच्या मालकीची नव्हती. ती सबंध कोसॅक समाजाची होती, कुठे, कधी, कशाने धरायचं हे सगळ्यांनी मिळून ठरवलेलं. अधिकाऱ्यांना जास्त वाटा असे, त्यावरून भांडणंही होत, पण एका माणसाने डोह विकत घेतला असं चालत नसे. आज कॅस्पियनच्या स्टर्जनची जी दशा आहे ती पाहिल्यावर या शिस्तीबद्दल मला आदर वाटतो आणि तो मी लपवणार नाही.

पण तुमच्या प्रतिक्रियेनंतर मी माझंच वर्णन पुन्हा वाचलं आणि त्यातलं भोक दिसलं. ही शिस्त आतल्यांसाठी होती. उराल्स्क गावापाशी कोसॅक दरवर्षी नदीत आडवी मेखांची भिंत उभी करत, तिला 'उचुग' म्हणत. मासा तिथेच अडायचा. वरच्या अंगाच्या गावांना तो मिळू नये हाच हेतू. आणि डावा काठ, ज्याला ते 'बुखारी बाजू' म्हणत, तिथल्या कझाकांना या पाण्यात वाटा नव्हता. मी फक्त सामाईक नदीची गोष्ट सांगितली. कुंपण सांगितलं नाही.

आणि खरं कुंपण माशांचं नव्हतंच, ओलांडण्याचं होतं. १७५६ मध्ये रशियन सरकारने कझाकांना गुरं घेऊन उजव्या काठावर जायला मनाई केली. झुताचं मघाशी सांगितलं ते लक्षात ठेवून हा हुकूम वाचा. उजवीकडे, व्होल्गा आणि या नदीच्या मधल्या पट्ट्यात, उत्तम हिवाळी चराई होती. बर्फाळ वाऱ्यात कळप घेऊन काठाशी उभ्या असलेल्या माणसाला समोर बोरू दिसतोय आणि मध्ये कोसॅक चौकी! नदी गोठली की वाट आपोआप तयार होते, त्यामुळे दर हिवाळ्यात चकमकी, पळवलेली गुरं, पळवलेली माणसं, पुन्हा सूड.

१७७१ च्या जानेवारीत तो मधला पट्टा मोकळा झाला. तिथे राहणारे काल्मिक, म्हणजे मंगोल वंशाचे पशुपालक, उबाशी खानाच्या मागे लाखाहून अधिक संख्येने निघाले आणि ही नदी ओलांडून पूर्वजांच्या जुंगारियाकडे, आजच्या चीनच्या वायव्य भागाकडे गेले. वाटेत फार मोठ्या संख्येने मेले. व्होल्गाच्या पलीकडचे राहून गेले, कारण त्या वर्षी ती नदी वेळेत गोठली नव्हती असं सांगतात. पुढे १८०१ मध्ये बुकेई सुलतानाच्या कझाकांना त्या पट्ट्यात राहायची परवानगी मिळाली. पण समुद्रकाठची सगळ्यांत चांगली चराई युसुपोव आणि बेझबोरोद्को या सरदार घराण्यांच्या नावावर चढलेली होती. बाप-आजा जिथे मुक्काम करायचा तिथे आता खंड भरून राहायचं. वर बुकेईचा मुलगा झांगीर खान याचे कर. यातून १८३६ मध्ये इसाताई तैमानुली आणि कवी मखांबेत उतेमिसुली यांचं बंड उठलं. हरल्यावर १८३७ च्या डिसेंबरात इसाताई माणसं घेऊन गोठलेली नदी ओलांडून, चौक्यांची रांग फोडून डाव्या काठाला निसटला. पुढच्या जुलैत लढाईत मारला गेला. मखांबेतचा खून १८४६ मध्ये झाला. अतिराऊच्या चौकात दोघांचे घोड्यावरचे पुतळे आहेत. मी त्या चौकातून कित्येकदा गेलो आणि लेखात त्यांना एक ओळ दिली. तुमचा राग रास्त आहे.

फक्त 'वसाहतवाले' हा शब्द कोसॅकांना सरसकट लावायला मी तयार नाही, आणि तिथेच तिसरा आक्षेप, नावाचा, येतो.

नदीचं जुनं नाव कझाकांत झायिक आणि कोसॅकांत याईक. एकच नाव, दोन जिभा. ते पुसलं कोणी? १७७३ मध्ये, स्वतःला झार म्हणवणाऱ्या पुगाचेव या कोसॅकाचं बंड याच कोसॅकांमध्ये पेटलं. त्याआधी १७७२ मध्ये त्यांनी सरकारी जनरल त्राउबेनबर्गला ठार केलं होतं, आणि पळून जाणाऱ्या काल्मिकांचा पाठलाग करायचा हुकूमही धुडकावला होता. १७७५ च्या जानेवारीत पुगाचेवला मॉस्कोत मारलं आणि त्याच महिन्यात रशियाची सम्राज्ञी कॅथरीनने फर्मान काढलं, की हे सगळं कायमचं विसरलं जावं म्हणून याईकचं नाव उरल, याईत्स्की गावाचं उराल्स्क. नदीला शिक्षा झाली ती कोसॅकांमुळे. म्हणून 'उरल म्हणजे कोसॅकांचं नाव, झायिक म्हणजे कझाकांचं' अशी जी वाटणी तुमच्या प्रतिक्रियेत आहे ती बसत नाही. उरल हे नाव दोघांवरही वरून लादलेलं. पुढच्या सगळ्या लिखाणात मी झायिकच लिहीन, पण तुम्ही दिलेल्या कारणाने नव्हे, या कारणाने.

आणि ही माणसं तरी कोण होती? त्यांच्या आठवणीत त्यांची पहिली आजी गुग्निखा ही तातार बाई. जुने कोसॅक मोहिमेवर निघताना बायकांना टाकून जायचे, गुग्न्या सरदाराने आपली टाकली नाही, तिथून संसार सुरू झाले अशी कथा. रशियन कवी पुश्किननेही ती नोंदवली आहे. त्यांच्यातल्या पुष्कळांना कझाकांची भाषा येत असे. काठाकाठाने 'तामिर' म्हणून एक नातं चाले, एक कोसॅक आणि एक कझाक यांचं, एकमेकांच्या घरी हक्काने उतरायचं, अडीनडीला घोडा द्यायचा. तामिर म्हणजे कझाक भाषेत मूळ, आणि रक्ताची नाडीही. चौकीवर गोळी झाडणारा आणि घरी तामिरला जेवू घालणारा माणूस एकच असू शकत होता. यात कोसॅकांचा दोष कमी होत नाही, पण तो दोष नेमका कशाचा ते कळतं. ओलांडण्याची बंदी सरकारची होती, ती राबवली यांनी, आणि बदल्यात नदी मिळाली.

पुढे तीही राहिली नाही. १८७४ च्या नव्या लष्करी नियमांना जुन्या श्रद्धेच्या, म्हणजे रशियन चर्चच्या सुधारणा न मानणाऱ्या, ज्या कोसॅकांनी नकार दिला त्यांना हजारोंनी अमू दर्याकडे हद्दपार केलं. उझबेकिस्तानातल्या काराकल्पाकस्तानात त्यांचे वंशज आजही आहेत. १९२० च्या हिवाळ्यात, यादवी युद्धात बोल्शेविकांपुढे हरलेलं उरलेलं कोसॅक सैन्य बायकामुलांसह कॅस्पियनच्या काठाने दक्षिणेला निघालं आणि त्यातले बहुतेक थंडीने, टायफसने वाटेत मेले. त्यानंतर दहा-बारा वर्षांनी सामूहिक शेतीच्या नावाखाली कझाकांचे कळप काढून घेतले गेले आणि १९३१ ते १९३३ च्या दुष्काळात सबंध कझाकस्तानात सुमारे १५ लाख माणसं मेली. झुताने जे कधी केलं नव्हतं ते सरकारी कागदाने केलं. हे दोन्ही मूळ लेखात नव्हतं. कोसॅकांचं नव्हतं आणि कझाकांचंही नव्हतं.

एक चूक तुम्ही सौम्यपणे दाखवलीत तीही कबूल करतो. तिसऱ्या परिच्छेदात मी कोसॅकच्या जागी कझाक लिहिलं होतं. दोन्ही शब्दांचं मूळ एकच, तुर्की 'कझाक', मोकळा भटका माणूस. घोटाळा टाळायला रशियन लोक कझाकांना 'किरगीझ' म्हणायचे, म्हणजे त्यांचं नावही त्यांच्याकडे राहू दिलं नाही.

शीर्षक आज सकाळी बदललं आहे. इसाताई-मखांबेतवर स्वतंत्र परिच्छेद घातला आहे, उचुगबद्दल तीन वाक्यं, आणि सरायशिकचा भाग नव्याने लिहिला आहे. तिथे नदी दर वसंतात काठ खाते आणि जुन्या शहराचा थोडा भाग पाण्यात जातो. मी गेलो होतो तेव्हा कापलेल्या दरडीत विटांचा एक थर, त्याच्यावर राखेचा, त्याच्यावर पुन्हा विटांचा असं स्पष्ट दिसत होतं. त्याचा फोटो माझ्याकडे होता, मूळ लेखात टाकला नव्हता. आता टाकला आहे, सगळ्यांत वर.