आवाजाचे काम म्हणजे माघार नव्हे : गिटा नॉर्बी यांच्या कारकिर्दीच्या आधारे एक प्रतिवाद

नटनट्यांविषयीचा एक दावा समाजमाध्यमांवर वारंवार पुढे पाठवला जातो. त्याचे शब्द दर वेळी थोडे बदलतात, पण आशय तोच राहतो. पडद्यावर काम मिळेनासे झाले की अभिनेत्री आवाजाच्या कामाकडे वळते. निवेदन करणे म्हणजे समोरचा कागद शुद्ध उच्चारांत वाचून दाखवणे, त्याला अभिनय म्हणता येत नाही. डबिंग हा तर दुय्यम कलावंतांचा प्रांत. आणि नाटक, विनोदी चित्रपट, मालिका, निवेदन अशा चार ठिकाणी हात घालणाऱ्या व्यक्तीला त्यांतले एकही काम खोलवर येत नसते. शेवटी पुरावा म्हणून विचारले जाते की, आवाजाला पुरस्कार तरी कुठे मिळतो? हा दावा पुढे पाठवणारे बहुतेक जण अभिनयावर मनापासून प्रेम करणारे असतात, आणि म्हणूनच त्याला नुसते झटकून न टाकता मुद्देसूद उत्तर दिले पाहिजे, असे मला वाटते.

उत्तरासाठी डॅनिश अभिनेत्री गिटा नॉर्बी यांची कारकीर्द समोर ठेवली आहे. त्यांचा जन्म 11 जानेवारी 1935 रोजी कोपनहेगनमध्ये झाला. वडील आइनार नॉर्बी हे ऑपेरा गायक होते. 1954 ते 1956 या काळात त्या कोपनहेगनच्या रॉयल थिएटरच्या नाट्यशाळेत शिकल्या आणि पुढे सहा दशकांहून अधिक काळ रंगभूमी, चित्रपट, दूरचित्रवाणी आणि निवेदन या सर्व क्षेत्रांत काम करत राहिल्या. दाव्यातला जवळजवळ प्रत्येक मुद्दा या एका कारकिर्दीवर तपासून पाहता येतो.

पहिला मुद्दा माघारीचा. तो खरा असेल तर कारकिर्दीचा क्रम ठरलेला असायला हवा: आधी तारुण्यातल्या नायिका, मग ओसरती मागणी, आणि शेवटी पडद्यामागचा आवाज. नॉर्बी यांचा सर्वाधिक प्रसिद्ध आवाज ज्या चित्रपटात ऐकू येतो तो ‘बाबेट्स फीस्ट’ 1987 साली प्रदर्शित झाला, तेव्हा त्या बावन्न वर्षांच्या होत्या. दाव्यानुसार येथून उतरण सुरू व्हायला हवी होती. प्रत्यक्षात दोनच वर्षांनी, 1989 मध्ये, कास्पर रोस्ट्रुप यांच्या ‘डान्सेन मेड रेगिट्झे’ या चित्रपटात त्यांनी फ्रिट्स हेल्मुथ यांच्यासमोर रेगिट्झेची मध्यवर्ती भूमिका केली आणि त्या चित्रपटाला परभाषिक चित्रपटांच्या ऑस्करसाठी नामांकन मिळाले. 1992 मध्ये बिले ऑगस्ट यांच्या ‘द बेस्ट इन्टेन्शन्स’मध्ये त्या होत्या; इंगमार बर्गमन यांनी आपल्या आईवडिलांच्या आयुष्यावर लिहिलेल्या या चित्रपटाला कान महोत्सवाचा सर्वोच्च सन्मान मिळाला, आणि त्यात नायिकेच्या करारी आईची भूमिका नॉर्बी यांची होती. 1994 मध्ये लार्स फॉन ट्रिअर यांची ‘द किंगडम’ ही मालिका आली, 1996 मध्ये ‘हाम्सुन’ आला. ‘सायलेंट हार्ट’मध्ये असाध्य आजाराने ग्रासलेल्या आणि स्वतःच्या मृत्यूची वेळ स्वतः ठरवणाऱ्या आईची भूमिका त्यांनी 2014 मध्ये केली, तर 2015 च्या ‘की हाउस मिरर’मध्ये ऐंशीव्या वर्षी त्या प्रमुख भूमिकेत होत्या. ज्या अभिनेत्रीच्या सर्वांत मोठ्या पडद्यावरच्या भूमिकांपैकी इतक्या भूमिका निवेदनानंतरच्या आहेत, तिने आवाजाच्या आडोशाला माघार घेतली असे म्हणण्यासाठी तारखांकडे पाठच फिरवावी लागेल.

निवेदन म्हणजे वाचन, हा दुसरा मुद्दा मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. वरकरणी तो पटण्यासारखा आहे, म्हणून ‘बाबेट्स फीस्ट’कडे थोडे जवळून पाहू.

गॅब्रिएल आक्सेल यांनी कारेन ब्लिक्सन यांच्या कथेवरून हा चित्रपट केला आणि मूळ कथेतले नॉर्वेमधले गाव सोडून घटना डेन्मार्कमधल्या जटलंडच्या ओसाड किनाऱ्यावर आणल्या. मार्टिने आणि फिलिपा या दोन वृद्ध बहिणी तिथे राहतात. त्यांची नावे त्यांच्या धर्मोपदेशक वडिलांनी मार्टिन ल्यूथर आणि त्याचा सहकारी फिलिप मेलँक्टन यांच्यावरून ठेवलेली आहेत. पूर्वार्धात चित्रपटाला प्रचंड मजल मारायची आहे: बहिणींचे तारुण्य, मार्टिनेवर जीव जडलेला आणि काही न बोलता निघून गेलेला स्वीडिश अधिकारी, फिलिपाला गाणे शिकवणारा पॅरिसचा ऑपेरा गायक, तिने अचानक थांबवलेली शिकवणी, मध्ये गेलेली कितीतरी वर्षे, आणि 1871 मध्ये पॅरिसमधल्या कत्तलीतून जीव वाचवून, त्याच गायकाची चिठ्ठी घेऊन दारात उभी राहिलेली बाबेट. ही सगळी कथा नॉर्बी यांच्या निवेदनाने बांधलेली आहे, आणि ते निवेदन करणारी व्यक्ती एकदाही दिसत नाही.

आता या कामातली अडचण पाहा. या बहिणी भाबड्या आहेत, त्यांच्या वडिलांच्या धर्मपंथातली म्हातारी माणसे जुन्या कागाळ्या उकरून काढतात, आणि ब्लिक्सन यांच्या कथेत या सगळ्याकडे पाहणारी एक बारीक मिश्किल नजर आहे. निवेदिकेच्या स्वरात ती मिश्किली थोडी जास्त झाली, तर बहिणी हास्यास्पद होतात आणि शेवटच्या मेजवानीतला कृपेचा क्षण कोसळतो. उलट तिने श्रद्धेचा सूर लावला, तर पहिल्या वीस मिनिटांतच चित्रपटाचे प्रवचन होते. नॉर्बी या दोन्ही टोकांना जात नाहीत. आपल्या परिचयातल्या, आता हयात नसलेल्या माणसांबद्दल एखादी शहाणी बाई जशी सांगेल, तसे त्या सांगतात: जिव्हाळा आहे, पण गहिवर नाही. सुकवलेले मासे कसे भिजवायचे आणि पाव व बिअर यांचे सूप कसे शिजवायचे हे बहिणी बाबेटला शिकवतात, तो प्रसंग प्रेक्षकाला विनोदी वाटतो, पण बहिणींचा अपमान वाटत नाही. कारण त्यांच्याकडे कोणत्या नजरेने पाहायचे हे तोवर त्या आवाजाने ठरवून दिलेले असते. पुढे बाबेटला सोडतीत दहा हजार फ्रँक मिळतात आणि त्यांतला शेवटचा फ्रँकही ती बारा जणांच्या एका जेवणावर खर्च करते. त्या लांबलचक प्रसंगात पदार्थ, पेले आणि चेहरे बोलतात. त्यांना बोलू देता येईल इतका विश्वास प्रेक्षकाच्या मनात आधीच तयार झालेला असतो, आणि तो तयार करण्यात निवेदनाचा वाटा मोठा आहे.

पात्राबद्दलची भूमिका ठरवणे, ती स्वराच्या पट्टीत धरून ठेवणे, कुठे थांबायचे ते जाणणे, आणि हे सर्व हातवारे, डोळे, वेशभूषा यांची मदत न घेता करणे याला अभिनय म्हणायचे नसेल, तर अभिनयाची व्याख्या चेहऱ्यापुरतीच आखडून घ्यावी लागेल. या चित्रपटाला 1988 मध्ये परभाषिक चित्रपटाचे ऑस्कर मिळाले. डेन्मार्कच्या वाट्याला आलेला तो या विभागातला पहिलाच पुरस्कार होता.

डबिंग हा दुय्यम कलावंतांचा प्रांत आहे, या मुद्द्याला उत्तर थोडक्यात देता येते. डेन्मार्कमध्ये मोठ्यांसाठीचे परदेशी चित्रपट मूळ भाषेतच, खाली डॅनिश उपशीर्षके देऊन दाखवले जातात, आणि डबिंग प्रामुख्याने लहान मुलांच्या चित्रपटांपुरते असते. लोकसंख्या साठ लाखांच्या आसपास असलेल्या देशात डबिंगवरच जगणारा वेगळा मोठा वर्ग उभा राहणे कठीण असते, त्यामुळे मुलांच्या चित्रपटांना आवाज देणाऱ्यांत नाटक-चित्रपटांतले नावाजलेले कलावंतही असतात. जिथे डबिंग घाईने आणि कमी मोबदल्यात उरकले जाते तिथे ते वाईट होते, हे मी नाकारत नाही. पण तो निर्मात्यांच्या घाईचा दोष आहे, तो कलावंताच्या दर्जावर लादणे अन्यायाचे आहे.

दाव्यामागे एक न बोललेले गृहीत आहे, तेही तपासले पाहिजे. पडद्यावरच्या अभिनयात चेहरा मुख्य आणि आवाज पूरक, असे ते गृहीत आहे. यान त्रोएल यांचा ‘हाम्सुन’ पाहिलेला कोणीही असे म्हणू धजणार नाही. नोबेल पारितोषिक मिळवलेला आणि म्हातारपणी हिटलरच्या बाजूने उभा राहिलेला नॉर्वेजियन लेखक क्नूट हाम्सुन आणि त्याची पत्नी मारी यांच्या 1935 ते 1952 या काळातल्या सहजीवनाची ही कथा आहे. हाम्सुनची भूमिका मॅक्स फॉन सिडो यांनी केली आणि ते चित्रपटभर स्वीडिश बोलतात. मारीच्या भूमिकेत नॉर्बी डॅनिश बोलतात. भोवतालची इतर पात्रे नॉर्वेजियन बोलतात. नवरा एका भाषेत भांडतो, बायको दुसऱ्या भाषेत उत्तर देते, आणि तरीही चार दशके एका छताखाली काढलेले, एकमेकांच्या मर्मावर अचूक बोट ठेवणारे जोडपे आपल्यासमोर उभे राहते. वेशभूषा किंवा चेहरे यांच्या बळावर हे साधत नाही. समोरच्याचे वाक्य वेगळ्या भाषेतून येत असताना आपल्या वाक्याची लय, चढ आणि जखम त्याच्याशी जुळवून घ्यावी लागते, आणि ही सगळी कमाई कानाची व गळ्याची आहे.

मारी हाम्सुन ही स्वतः लग्नापूर्वी अभिनेत्री होती. युद्धकाळात तिने जर्मनीत फिरून नवऱ्याच्या साहित्याचे जाहीर वाचन केले, आणि युद्धानंतर नाझींना दिलेल्या साथीबद्दल तिला शिक्षा झाली. रंगमंच सोडावा लागलेली, नवऱ्याच्या सावलीत कोमेजलेली आणि त्याच्याच शब्दांमुळे पुन्हा श्रोत्यांसमोर उभी राहिलेली ही स्त्री आहे. तिच्याविषयी सहानुभूती वाटावी आणि तिच्या राजकारणाची किळसही यावी, हा तोल नॉर्बी यांनी राखला आहे. बाबेटच्या कथेतल्या निवेदनात जे कौशल्य दिसते तेच येथे वेगळ्या, कठोर कामाला लागलेले आहे. म्हणूनच आवाजाचे काम आणि अभिनय अशी दोन खाती पाडणे मला मुळातच चुकीचे वाटते.

उरला तो चार ठिकाणी हात घालण्याचा आक्षेप. नॉर्बी यांनी सुरुवातीच्या वर्षांत लोकप्रिय हलकेफुलके चित्रपट केले. 1960 च्या ‘बारोनेसेन फ्रा बेन्झिनटांकेन’मध्ये त्या पेट्रोल पंपावरून थेट सरदारघराण्यात पोहोचणारी मुलगी होत्या, आणि विनोदवीर डिर्क पासर त्यांचे सहकलाकार होते. अशा चित्रपटांमुळे पुढच्या गंभीर कामाला कमीपणा येतो, असे मानणाऱ्यांनी ‘मॅटाडोर’ पाहावी. 1978 ते 1982 या काळात डॅनिश दूरचित्रवाणीवर आलेल्या या 24 भागांच्या मालिकेत कोर्सबेक या काल्पनिक गावाचा 1929 ते 1947 असा इतिहास आहे, आणि नॉर्बी यांची इंगेबोर्ग ही डुकरांच्या व्यापाऱ्याची मुलगी, एका लेकीची आई आणि कापडदुकानातली नोकरदार बाई म्हणून त्यात प्रवेश करते. पुढे ती गावात नव्याने आलेल्या महत्त्वाकांक्षी व्यापाऱ्याशी, माड्स शेर्नशी, लग्न करते. तो दुकानदाराचा बँकवाला होतो, आणि ती श्रीमंतीत जगू लागली तरी आपले मूळ विसरत नाही. मंदीपासून जर्मन ताब्यानंतरच्या काळापर्यंतच्या अठरा वर्षांत एकाच स्त्रीला थोडे थोडे बदलत नेणे, आणि तरी तिला तीच ठेवणे, हे वरवरच्या कलावंताला झेपणारे काम नाही. प्रेक्षकाला तिच्याबद्दल वाटणारी आपुलकी सहजतेतून येते, आणि बोलण्यातली ती सहजता विनोदी चित्रपटांच्या तालमीत मुरलेली आहे, असे माझे मत आहे. विनोदात वाक्याची वेळ अर्ध्या क्षणाने चुकली तरी प्रसंग फसतो. ही शिस्त वाया जात नाही.

त्यानंतर ‘द किंगडम’मधली भूलतज्ज्ञ रिग्मोर बघा. इंगेबोर्गला जीव लावलेल्या प्रेक्षकाला ही बाई अस्वस्थ करते. तिचा प्रियकर म्हणजे डेन्मार्कचा तिटकारा करणारा स्वीडिश डॉक्टर, ती भूमिका एर्न्स्ट-हुगो यारेगोर्ड यांनी केली. येथेही त्या डॅनिशमध्ये आणि ते स्वीडिशमध्ये बोलतात. प्रेम, लाचारी, धमकी, सगळे दोन भाषांच्या फटीतून जाते. मालिकेचे तिसरे पर्व 2022 मध्ये आले, त्यातही नॉर्बी होत्या. कामांची विविधता हा येथे कारकिर्दीचा कणा आहे, कारण लहान देशातल्या मान्यवर कलावंताला राष्ट्रीय रंगभूमी, चित्रपट, मालिका आणि ध्वनिमुद्रण यांच्यात सतत ये-जा करावीच लागते, आणि प्रत्येक ठिकाणचे शिक्षण पुढच्या ठिकाणी उपयोगी पडते.

पुरस्कारांचा मुद्दा मात्र अंशतः खरा आहे. अभिनयाचे पुरस्कार देणाऱ्या समित्या प्रामुख्याने दिसणाऱ्या भूमिकांचाच विचार करतात, आणि निवेदनासाठी प्रमुख अभिनयाचा सन्मान मिळाल्याची उदाहरणे शोधावी लागतात. पण यावरून पुरस्कारांचे रकाने कसे आखलेले आहेत एवढेच कळते. त्या कामाची किंमत कळत नाही. डॅनिश समीक्षकांचा 1948 पासून दिला जाणारा बोडिल पुरस्कार बोडिल इप्सेन आणि बोडिल केर या दोन अभिनेत्रींच्या नावाने ओळखला जातो. त्यांपैकी बोडिल केर यांनीच ‘बाबेट्स फीस्ट’मध्ये वृद्ध फिलिपाची भूमिका केली आहे, आणि गाणे सोडून दिलेल्या त्या फिलिपाचे गेलेले आयुष्य प्रेक्षकाला सांगणारा आवाज नॉर्बी यांचा आहे. केर यांच्या मिटलेल्या ओठांमागे जे काही साठलेले दिसते, त्यातले बरेचसे प्रेक्षकाने त्या आवाजाकडून आधी ऐकलेले असते.