थोर हुशोव्ह पहिला नव्हे : एक खुलासा

'टूर द फ्रान्सचा टप्पा जिंकणारा पहिला नॉर्वेजियन म्हणजे थोर हुशोव्ह' असा मजकूर टूर द फ्रान्स या अनेक टप्प्यांच्या सायकल शर्यतीबद्दल सध्या फिरतो आहे. हे चूक आहे. तो मान डाग ऑटो लॉरिट्सेनचा. 1987 साली पिरेनीज पर्वतातल्या लुझ आर्दिदेनच्या चढावर त्याने टप्पा जिंकला, तेव्हा हुशोव्ह अवघा 9 वर्षांचा होता. पॅराशूटच्या उडीत जायबंदी झाल्यावर पाय सावरण्यासाठी लॉरिट्सेन सायकलकडे वळला आणि 1984च्या ऑलिंपिकमध्ये त्याने कांस्यपदक मिळवलं. अशा माणसाचं नाव पुसलं जाऊ नये, म्हणून हे लिहितो आहे. गंमत म्हणजे दोघंही नॉर्वेतल्या ग्रिमस्टाड गावचे; लॉरिट्सेनचा जन्मच तिथला, हुशोव्ह तिथे वाढला.

हुशोव्हचा पहिला टप्पा 2002चा. पण त्याची खरी 'पहिली' कामगिरी वेगळीच आहे : 2004मध्ये पिवळी जर्सी (टूरमध्ये एकूण वेळेत आघाडीवर असणाऱ्याची) घालणारा पहिला नॉर्वेजियन तोच, आणि 2010मध्ये ऑस्ट्रेलियातल्या जिलाँगला पुरुषांच्या रोड रेसचं जगज्जेतेपद मिळवणाराही पहिला नॉर्वेजियन तोच. मला मात्र आठवतो तो 2006च्या टूरमधला स्ट्रासबूर्ग शहरातला टप्पा. शेवटच्या स्प्रिंटमध्ये प्रेक्षकाच्या हातातला जाहिरातीचा पुठ्ठ्याचा पंजा त्याच्या दंडाला लागला, रक्ताची धार लागली, टाके पडले. पिवळी जर्सीही त्याच दिवशी गेली. दुसऱ्या दिवशी पट्टी बांधून तो पुन्हा शर्यतीत उतरला, तिसरा आला आणि जर्सी परत मिळवली!