विनयातला सीमाभाग

बेळगाव-निपाणीकडे आषाढ पौर्णिमेला वर्षावास, म्हणजे भिक्खूंचा पावसाळी मुक्काम, लागला, विहारात ग्रंथवाचन सुरू झालं, की दोन वाद ठरलेले. पहिला आठ गरुधम्मांचा, म्हणजे भिक्खुणींवरच्या आठ जादा अटींचा. उपसंपदेला, म्हणजे पूर्ण दीक्षेला, शंभर वर्षं झालेल्या भिक्खुणीनंही आजच उपसंपदा झालेल्या भिक्खूला उठून वंदन करावं, ही अट बुद्धांची की मागाहून कुणी घुसडलेली? दुसरा वाद हळू आवाजात चालतो. विहारात राहायला भिक्खूच आणायचे, की भिक्खुणी आल्या तर चालतील? पर्थमध्ये बसून हे ऐकताना वाटतं, घसे बसतात पहिल्यावर आणि गाडं रुतलंय दुसऱ्यापाशी.

पहिल्या वादावर बाबासाहेबांचं म्हणणं काही लपलेलं नाही. हिंदू स्त्रीच्या अवनतीला बुद्ध जबाबदार, या आरोपाला त्यांनी १९५१ मध्ये महाबोधी सोसायटीच्या मासिकातून सविस्तर उत्तर दिलं. वर्षावासात आपण वाचतो त्या ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’मध्येही तथागत आनंदाला सांगतात, की स्त्रियांना संघात घ्यायला आधी दिलेला नकार स्त्री कमी प्रतीची म्हणून नव्हता, अडचणी व्यवहारातल्या होत्या. व्यवहाराचं तेवढं सोडून आपण बाकी सगळ्यावर बोलतो.

विनयपिटकात, म्हणजे संघाच्या नियमांच्या ग्रंथात, आपल्यासारख्यांसाठी एक जागा आहे. सोण कुटिकण्णाला अवंतीत उपसंपदा घ्यायची होती. त्यासाठी लागणारे दहा भिक्खू जमेनात. त्याचे गुरू महाकच्चान यांना ते जमवायला तीन वर्षं लागली. मग सोण बुद्धांकडे गेला आणि सवलत मिळाली: प्रत्यंत जनपदात, म्हणजे सीमाभागात, पाच भिक्खू पुरेत, मात्र त्यातला एक विनयधर, म्हणजे नियमांचा जाणकार, हवा. पायताणाला एकाहून जास्त तळ आणि वारंवार अंघोळ, हेही त्याच वेळी मंजूर झालं. मध्यदेशाची, म्हणजे ही सवलत नसलेल्या मुलुखाची, दक्षिण हद्द सेतकण्णिक गाव. अवंतीच जिथं हद्दीबाहेर, तिथं बेळगावचं काय विचारता! १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात दीक्षा झाली आणि अठरा दिवसांनी, १ नोव्हेंबरला, बेळगाव म्हैसूर राज्यात गेलं. त्या सीमेनं काय दिलं ते सगळ्यांना ठाऊक आहे. विनयातली सीमा मात्र देणारी आहे. हा पाठ भिक्खूंबद्दलचा, भिक्खुणींना किती लागू करायचा ते आचार्यांनी ठरवावं. पण गाव लांब आहे, माणसं थोडी आहेत, ही सबब बुद्धांसमोर एकदा येऊन गेलेली आहे.

इथलं उदाहरण द्यायचं तर २२ ऑक्टोबर २००९ चं. पर्थच्या दक्षिणेला सर्पेंटाईन इथल्या बोधिन्याणा विहारात चार स्त्रियांची भिक्खुणी म्हणून उपसंपदा झाली. दहा दिवसांत थायलंडमधल्या मूळ विहारानं इथले प्रमुख अजान ब्रह्म यांना आपल्या परंपरेतून वगळलं. तारीख १ नोव्हेंबर. सीमाभागात त्या दिवशी काळा दिन पाळणाऱ्यांना ती वेगळी लक्षात ठेवावी लागणार नाही. तेव्हा परदेशात सगळं सुरळीत चालतं असं कुणी सांगितलं तर मान डोलावू नका. थायलंडमध्ये १९२८ चा बंदी हुकूम, श्रीलंकेत अकराव्या शतकात तुटलेली आणि १९९८ मध्ये दंबुल्लात पुन्हा उभी राहिलेली परंपरा, भूतानमध्ये २०२२ साली एका समारंभात १४४ जणींना उपसंपदा. प्रत्येक ठिकाणी विरोध किंवा उशीर आहेच. पण जिथं झालं तिथं गरुधम्मांचा निकाल लागायची वाट कुणी पाहिली नाही. आधी जागा झाली. पर्थच्या भिक्खुणींचा धम्मसारा विहार शहराच्या दुसऱ्या टोकाला, गिजगॅनपला आहे. भिक्खूंच्या स्वयंपाकघराला जोडलेली खोली म्हणजे भिक्खुणी विहार नव्हे. थाई माए-ची आठ शील घेऊन पांढऱ्या वस्त्रात आयुष्य काढतात, आणि त्यातल्या कितीजणींचं आयुष्य चुलीपाशीच जातं.

जागेचा हिशोब विनयच देतो. भिक्खुणी पातिमोक्खात, म्हणजे नियमसंहितेत, ३११ नियम आहेत, भिक्खूंच्यात २२७. तिसरा संघादिसेस, म्हणजे गंभीर दोषाचा नियम, सांगतो की भिक्खुणीनं एकटीनं गावोगाव जाऊ नये, एकटीनं नदी ओलांडू नये, रात्री एकटीनं राहू नये. म्हणजे ‘आमच्या विहाराला एक भिक्खुणी पाठवा’ अशी विनंती करणारी कमिटी तिला पहिल्याच रात्री दोषात ढकलते. दोघी हव्यात. शिवाय भिक्खू नसलेल्या ठिकाणी तिनं वर्षावास करायचा नाही, पंधरवड्याला त्यांच्याकडून उपोसथाची, म्हणजे नियमपठणाच्या दिवसाची, तिथी आणि ओवाद, म्हणजे उपदेश, घ्यायचा. अट्ठकथा, म्हणजे जुनी टीका, अंतर सांगते अर्ध्या योजनाचं, म्हणजे काही मैलांचं. निपाणीत भिक्खुणी आणि ओवादाला कोल्हापूरचे भंते, हे गणित बसत नाही. आपल्याकडे भंते आणि आर्याजी, म्हणजे भिक्खुणी, यांच्यात निवड करायची असते असं धरून भांडण होतं. विनयाप्रमाणे दोन्ही लागतात, जवळजवळ आणि वेगवेगळ्या छपराखाली.

आता जिला यायचंय तिची वाट. आधी दहा शीलांची सामणेरी, म्हणजे नवशिकी. मग दोन वर्षं सिक्खमाना, म्हणजे उमेदवार, सहा नियम अखंड: हिंसा, चोरी, अब्रह्मचर्य, खोटं, मद्य आणि अवेळचं जेवण, सगळं वर्ज्य. एखादा मोडला की दोन वर्षं पुन्हा पहिल्यापासून. वय वीस पूर्ण, पात्र आणि पाच चीवरं तयार. पाच का? भिक्खूच्या तिनाला छाती झाकणारं संकच्चिक आणि अंघोळीचं उदकसाटिक जोडून. उपसंपदा देणारी पवत्तिनी बारा वर्षावासांची आणि संघानं नेमलेली हवी. तिनं लागोपाठ दोन वर्षं कुणाला उपसंपदा द्यायची नाही आणि एका वर्षात दोघींना नाही. म्हणून दहा दिवसांच्या शिबिरातून भिक्खुणी संघ उभा राहणार नाही. शिबिरातून फार तर कुणाला यायचंय ते कळेल.

मग उपसंपदेआधी विचारायचे चोवीस प्रश्न. हे आधी भिक्खूच विचारत. शरीराबद्दलचे प्रश्न ऐकून बायका लाजून गप्प बसत, म्हणून बुद्धांनी रीत बदलली: आधी भिक्खुणी संघ, तोही बाजूला नेऊन समजावून, मग सभेत, आणि भिक्खू संघाकडे नंतर. त्यातले तीन प्रश्न सीमाभागात विशेष टोचणारे.

‘भुजिस्सासि?’ तू स्वतंत्र आहेस ना, कुणाची दासी नाहीस ना? सौंदत्तीचा यल्लम्माचा डोंगर बेळगाव जिल्ह्यातच आहे. देवदासी प्रथेविरुद्ध कर्नाटकानं १९८२ मध्ये कायदा केला. यल्लम्माला सोडलेल्या मुलीला हा प्रश्न कुणी विचारला नाही. इथं विचारतात, आणि उत्तर तिनंच द्यायचं असतं.

‘अनणासि?’ डोक्यावर कर्ज नाही ना? गटाच्या हमीवर मायक्रोफायनान्स उचललेल्या बाईनं इथं काय सांगायचं? वसुलीच्या जुलमाविरुद्ध कर्नाटकानं २०२५ मध्ये कायदा केला, पण नोंदणीकृत कंपनीचं कर्ज त्यानं मिटत नाही. ती निघून गेली तर हप्ता बाकीच्या बायांवर पडतो. तेव्हा सामणेरी होण्याआधी कर्ज फेडून बेबाकीचा दाखला घेतलेला बरा. उपसंपदेच्या आदल्या दिवशी धावपळ करून काही होत नाही.

‘अनुञ्ञातासि मातापितूहि, सामिकेन?’ आईवडिलांची, नवऱ्याची परवानगी आहे? टाकून दिलेल्या बाईचा नवरा दहा वर्षं तोंड दाखवत नाही, पण कागदावर नवरा असतो. नोटरीसमोर संमती किंवा कोर्टाचा घटस्फोट, दोन्हीपैकी एक आधी हातात असू द्या. ही अट अन्यायाची वाटते का? मला वाटते. पण ती टाळून केलेल्या उपसंपदेवर बोट ठेवायला लोक टपलेले असतात, आणि सोसावं तिलाच लागतं.

ठिकाणही बघावं लागतं. संघकर्म, म्हणजे संघाचा विधी, बांधलेल्या सीमेच्या आत होतं; तिच्या खुणांसाठी डोंगर, शिळा, झाड, वारूळ, नदी अशी आठ प्रकारची निमित्तं ठरलेली आहेत. आत असलेला एक भिक्खू जरी हजर नसेल आणि त्याची संमतीही आली नसेल, तरी कर्म बाद. बांधलेली सीमा नसेल तर वाहत्या नदीत करता येतं. दूधगंगा, वेदगंगा, कृष्णा जवळच आहेत. होडीत केलं तर ती किनाऱ्यावरच्या झाडाला बांधायची नाही, फळी टेकवायची नाही. हिडकल धरणाच्या अडवलेल्या पाण्यात करून शंका ओढवून घेऊ नये. कम्मवाचा, म्हणजे विधीचं पठण, एक ज्ञप्ती (प्रस्ताव) आणि तीन अनुश्रावणांची (घोषणांची). उच्चाराकडे कान हवा: ‘सरणं’चं ‘शरणं’ करायची आपली खोड आहे. पाळी भाषेतला ळ मात्र मराठी आणि कानडी दोघांच्याही जिभेवर आयता आहे. भाषेच्या भांडणात एवढं तरी सामाईक निघालं.

राहिलं जेवण. भिक्खुणी पैसा हाताळत नाही, शिधा साठवून रांधत नाही. अन्न हातात द्यावं लागतं आणि माध्यान्हाच्या आत संपावं लागतं. विड्या वळून हजारामागे मजुरी घेणाऱ्या घरावर रोजचा डबा लादू नका. तीस घरं धरली तर महिन्यातून एकदा पाळी येते, दोन ताटांची. बेळगावचं खरं माध्यान्ह घड्याळाप्रमाणे साधारण १२:३२ ला. नोव्हेंबरच्या सुरुवातीला ते १२:१६ पर्यंत अलीकडे येतं, फेब्रुवारीत १२:४६ पर्यंत पुढे जातं. डबा अकराला पोचला तर कुणाचीच घाई होत नाही. पाळीचा तक्ता पुरुषांच्या नावानंही लावा.